मुकुटातले मटार

ट्रंक सकाळपासून दारातच होती. येणाऱ्याजाणाऱ्याच्या नडगीला लागावी अशा बेतानंच भाऊजींनी ती तिथं ठेवली होती, हे वहिनी पुरतं ओळखून होत्या. ज्याला खरंच जायचं असतं तो शेवटच्या घटकेला खाटेखालून ट्रंक ओढतो, चार कपडे कोंबतो आणि निघतो. तिचं असं प्रदर्शन मांडत नाही. पण भाऊजींच्या खिशात संध्याकाळच्या गाडीचं तिकीट होतं, आणि ते काही खोटं नव्हतं. दुसऱ्या गावच्या एका छोट्या नाटकमंडळीनं बोलावलं होतं. 'तुमचं नवं नाटक घेऊन या, आम्ही करतो,' म्हणून.

"त्याला सांग," महाराज टेबलाच्या एका टोकावरून म्हणाले, "की चहा गार होतोय."

"दादाला सांग," टेबलाच्या दुसऱ्या टोकावरून उत्तर आलं, "की मला गारच आवडतो."

आठवडाभर हे असं चाललं होतं. टेबल एक, भाऊ दोन, आणि मधे वहिनी, जणू टपालखातं. वहिनींचा अगदी जीव मेटाकुटीला आला होता. त्यांनी दोघांकडेही पाहिलं नाही, आणि मुकाट मटार सोलत राहिल्या.

महाराज म्हणजे त्यांचे यजमान. त्यांचे वडील, आबा, थकले तेव्हापासून घरच्या नाटक कंपनीतले सगळे राजे तेच करायचे, म्हणून सगळं गावच त्यांना महाराज म्हणायचं. आणि कुजबुज म्हणजे धाकटे भाऊजी. नऊ वर्षांचे असल्यापासून विंगेत बसून नटांना विसरलेली वाक्यं पुरवायची, हे त्यांचं काम. तेव्हा पडलेलं नाव डोक्यावरचे केस विरळ झाले तरी गेलं नव्हतं. वहिनी लग्न होऊन या घरात आल्या तेव्हा हा मुलगा घरातसुद्धा कुजबुजतच बोलायचा. त्याला तोंड उघडून जेवण मागायला शिकवलं ते वहिनींनी. आणि आता तेच पोर ट्रंक भरून बसलं होतं! दोघं भाऊ एका छपराखाली राहावेत एवढीच वहिनींची इच्छा होती. त्या छपराखाली नाटक कुठलं होतंय, राजाचं की रंकाचं, याच्याशी त्यांना खरं म्हणजे काही देणंघेणं नव्हतं.

भांडण साधं होतं. कुजबुजनं नाटक लिहिलं होतं आणि त्यात राजा नव्हता. तलवार नव्हती, दरबार नव्हता, जंगलाचा पडदा नव्हता. एक खोली, एक टेबल, चार खुर्च्या.

"मग लोक बघायला काय येणार?" महाराजांनी विचारलं होतं. "टेबल?"

"हो," कुजबुज म्हणाला होता.

तेव्हापासून अबोला.

पण आबांनी घालून दिलेला एक नियम या घरात कोणी मोडत नसे. नवं नाटक पहिल्यांदा या जेवणाच्या टेबलावर वाचायचं. घरातल्या सगळ्यांनी वाटून वाचायचं. शेवटचं पान होईपर्यंत खुर्चीवरून उठायचं नाही आणि मत द्यायचं नाही. नावडतं नाटकसुद्धा पाहुण्यासारखं पुरतं ऐकून घ्यायचं, असं आबा म्हणत. म्हणून आज खेळ नसलेल्या दुपारी महाराज कपाळाला आठ्या घालून का होईना, टेबलाशी बसले होते.

"चला, उरकून टाका," आत्या म्हणाल्या. आबांची ही बहीण. कंपनीतल्या सगळ्या राजमाता त्यांच्याकडे, आणि कान अर्धे गेलेले असले तरी जीभ शाबूत. "पण आधी मला सांग, यात मरतं कोण?"

"कोणी नाही, आत्या."

"कोणीच नाही?" आत्यांनी चष्मा वर केला. "अरे, मग नाटक संपलं हे लोकांना कळणार कसं?"

महाराज खूश झाले. एक मत पडलं. त्यांनी मुलीकडे पाहिलं, पण लेकीनं आधीच काकाजवळची खुर्ची पटकावली होती.

"बाबा, कोणी मरत नाही तेच बरंय," ती म्हणाली. "तुम्ही मेलात की लोक वन्समोअर मागतात, तुम्ही उठून परत मरता. मला मैत्रिणींसमोर लाज वाटते."

"लोकांची मागणी असते!"

"मेलेल्या माणसानं कुणाच्या मागण्या पुऱ्या करायच्या नसतात, बाबा."

वहिनींना हसू आलं. ते लपवायला त्या मटारांवर वाकल्या. सोललेले दाणे त्या मुकुटात टाकत होत्या. हो, मुकुटातच. कंपनीच्या कपड्यालत्त्याचं सगळं त्यांच्याकडे. मुकुटाचं आतलं अस्तर उसवलं होतं म्हणून त्यांनी तो शिवायला काढला होता, मोठं पातेलं दूध तापवण्यात गुंतलं होतं, आणि उलटा धरला तर मुकुट मटारांना बरोबर खोल होता. पत्र्याचा असला म्हणून काय झालं, भांडं ते भांडं!

वाचन सुरू झालं. नाटकातलं घर एका म्हाताऱ्या नटाचं होतं. त्याला आताशा संवाद आठवत नाहीत. थोरला मुलगा त्याच्या भूमिका करायला लागलाय. 'आता तुम्ही रंगभूमीवर येऊ नका' हे त्याला सांगायचं कोणी, एवढंच नाटक. पहिल्या पानालाच टेबलाभोवती सगळ्यांना उमगलं की हे घर कुठलं आणि हा म्हातारा कोण. पण नियम म्हणजे नियम, कोणी चकार शब्द काढला नाही. म्हाताऱ्याची भूमिका अर्थातच महाराजांकडे आली. थोरल्या मुलाची कुजबुजनं स्वतःकडे घेतली होती.

महाराजांनी घसा साफ केला, छाती फुगवली आणि गर्जना केली:

"सूनबाई! मीऽऽठ कुठे आहे?"

टेबलावरच्या बशा थरथरल्या. लेक तोंडावर ओढणी धरून खुर्चीत घसरली.

"दादाला सांग," कुजबुज वहिनींना म्हणाला, "मीठ हाताशीच आहे. शत्रूच्या किल्ल्यात नाही."

"त्याला सांग," महाराज म्हणाले, "शेवटच्या रांगेला ऐकू गेलं पाहिजे."

"शेवटच्या रांगेला मीठ नको आहे, दादा!"

आठवड्यानंतर हे पहिलं थेट वाक्य. वहिनींनी मनात नोंद घेतली आणि पुढची शेंग उचलली.

कुजबुजनं कागद खाली ठेवला. "दादा, तुला तो दिवा आठवतो? दरबाराच्या प्रवेशातला? आबा दोन तास ओरडत होते, नगर पेटलं, नगर पेटलं म्हणून. एकाही माणसानं मान वळवली नाही. मग विंगेजवळचा दिवा धुरायला लागला, आणि आबा आपल्या घरच्या आवाजात म्हणाले, 'अरे, वात जरा खाली कर, धूर होतोय.' सगळं थिएटर वळून दिव्याकडे बघायला लागलं. सगळं, दादा! मी विंगेतून बघत होतो. तेव्हापासून मी त्या दिव्याच्या मागे आहे. मला नगर नको, मला तो दिवा लिहायचाय."

"मत शेवटच्या पानानंतर," महाराज कोरडेपणानं म्हणाले. "नियम तुलाही आहे."

पण पुढचं वाक्य त्यांनी थोडं खालच्या पट्टीत वाचलं. वहिनींच्या कानांनी ते टिपलं.

आत्यांचं मत मात्र चहाच्या प्रवेशाला फिरलं. "म्हणजे मी अख्खा अंक बसूनच आहे? आणि चहा खरा?"

"खरा आणि गरम."

"गुडघ्यांचा विचार करणारा लेखक पहिल्यांदाच बघतेय," आत्या म्हणाल्या आणि खुर्ची सरकवून कुजबुजच्या बाजूला गेल्या. महाराजांनी त्यांच्याकडे असं पाहिलं की जणू सेनापती फितूर झाला.

मग तो प्रवेश आला. बाप-मुलाचा. वहिनींना या प्रवेशात वाक्यं नव्हती, पण एक हात मटारांत आणि एक बोट ओळीखाली ठेवून त्या समोरच्या हस्तलिखितावर लक्ष ठेवत होत्या.

"तुम्ही उद्यापासून येऊ नका, बाबा," कुजबुजनं वाचलं. "घरी बसा."

"घरी बसून काय करू?" महाराजांनी वाचलं. "घरी मला संवादच नाहीत."

हे वाक्य त्यांनी गर्जून म्हटलं नाही. म्हणजे सुरुवात गर्जूनच केली होती, पण मधेच आवाज कुठंतरी अडकला. त्यांनी पाण्याचा घोट घेतला आणि पुन्हा वाचायला लागले, तेव्हा वहिनींचा हात मटारांवरच थांबला. हा आवाज त्यांच्या ओळखीचा होता. सकाळी उठल्यावर 'अगं, माझे मोजे?' म्हणणारा, लेक तापानं फणफणली होती तेव्हा रात्रभर तिच्याशी बोलणारा. घराबाहेर कधी कोणी ऐकला नव्हता.

"तुला सगळं तयार मिळालंय," महाराज वाचत होते. "माझी जागा, माझे कपडे, माझ्या टाळ्या. आणि मला विचारलं का कोणी?"

"विचारलं असतं तर तुम्ही हो म्हणाला असतात?"

"नाही म्हणालो असतो! पण विचारायचं तरी!"

"मग मीच जातो."

"जा ना! ट्रंक तर दारात आणून ठेवलीच आहेस! सकाळपासून माझ्या नडगीला लागतेय!"

वहिनींचं बोट ओळीखाली फिरलं. ट्रंक? कागदावर ट्रंक नव्हती. नडगी तर मुळीच नव्हती.

"तुला काय, तू टाळ्या घेऊन झोपतोस!" कुजबुजही आता कागदाकडे बघत नव्हता. "मी आयुष्यभर अंधारात बसून दुसऱ्यांची वाक्यं सांगितली. एक माझं वाक्य म्हण म्हटलं तर तुझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या!"

"तुझं वाक्य म्हणायला नाही म्हणालो का मी? तू परस्पर दुसऱ्यांना लिहिलंस! भाऊ घरात जिवंत असताना!"

महाराजांनी टेबलावर मूठ आपटली. गार चहाचा कप खाली पडला आणि फुटला. लेक रडवेली झाली. वहिनींना कळलं, आता हे दोघं असं काही बोलणार की जे पुन्हा गिळता येणार नाही.

धाडकन दार उघडलं. ट्रंकेला अडखळून, एका पायावर उड्या मारत, खालच्या मजल्यावरचे दातांचे डॉक्टर आत आले. हातात चिमटा तसाच. त्यांच्यामागे त्यांचा पेशंट, गळ्याला फडकं बांधलेला, तोंडात कापसाचे बोळे.

"थांबा!" डॉक्टर धापा टाकत म्हणाले. "महाराज, हात जोडतो. तुम्ही थोरले, तुम्ही पडतं घ्या. अहो, सख्खे भाऊ तुम्ही! आबांच्या मागं असं वेगळं व्हायचं का?"

सगळे डॉक्टरांच्या हातातल्या चिमट्याकडे बघत राहिले.

"डॉक्टर," शेवटी लेक म्हणाली, "वाचन चाललंय. नाटकाचं."

"हे?" डॉक्टरांनी फुटलेल्या कपाकडे पाहिलं. "नाटक? मला उल्लू बनवू नका."

महाराज हळूहळू खुर्चीत टेकले. त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी चाललं होतं, आणि वहिनी ते बघत होत्या.

"डॉक्टर," ते म्हणाले, "गेल्याच आठवड्यात मी इथं, याच खोलीत, विष पिऊन तडफडत होतो. तालमीत. तेव्हा नाही आलात?"

"नाही, म्हणजे... तेव्हा तुम्ही नाटक करत होतात."

"त्याआधी मला खंजीर लागला. मी किती किंचाळलो!"

"ते ऐकलं ना," डॉक्टर समजुतीच्या सुरात म्हणाले. "माझ्या पेशंटांना सवय झालीय. उलट उपकारच म्हणायचे तुमचे. त्यांचं ओरडणं तुमच्यात झाकलं जातं."

आत्या एवढ्या हसल्या की त्यांना ठसका लागला.

"इतकी वर्षं मी या मजल्यावर मरतोय," महाराज स्वतःशीच म्हणाले. "एकदाही कोणी जिना चढून आलं नाही. आणि नडगीला ट्रंक लागली म्हणालो, तर..."

"मऽ पुढं काऽ झाऽ?" पेशंटनं विचारलं. कापसातून शब्द नीट येत नव्हते, पण उत्सुकता येत होती. "धाऽटा गेऽ का?"

"बसा," वहिनी म्हणाल्या. आयुष्यात पहिल्यांदाच त्यांनी यजमानांना न विचारता हुकूम सोडला. "दोघंही बसा. शेवटचं पान राहिलंय. आणि ते होईपर्यंत या टेबलावरून कोणी उठायचं नाही."

डॉक्टर ट्रंकेवर बसले, पेशंट त्यांच्या शेजारी. पुढं या दुपारच्या वाचनावर विद्वानांनी जाडजूड लेख लिहिले, नवं नाटक इथून सुरू झालं म्हणून. त्यात दुखऱ्या दाढेचा हा माणूस कुठं नाही, पण त्या नाटकाचा पहिला प्रेक्षक तोच.

शेवटच्या पानावर थोरला मुलगा पहिला खेळ करून घरी येतो. म्हातारा टेबलाशी एकटाच बसलेला असतो.

महाराजांनी पान घेतलं. इथं काय असणार ते त्यांना माहीत होतं, असं त्यांना वाटत होतं. ती हकिगत त्यांनीच तर गावभर सांगितली होती. आबांनी भरल्या थिएटरात आपल्या हातांनी मुकुट चढवला आणि म्हणाले, 'पुत्रा, हे सिंहासन आता तुझं!' दर वाढदिवसाला ती थोडी मोठी व्हायची. अलीकडे तिच्यात तुताऱ्याही आल्या होत्या.

त्यांनी वाचलं. "'आलास? जेवण झाकून ठेवलंय.'" थांबले. "'इकडे उजेडात ये. कपाळ बघू.'"

पुढं ते वाचेनात. कागद हातात होता, डोळे ओळीवर होते, पण आवाज येईना.

सवयच ती. टेबलाच्या दुसऱ्या टोकावरून कुजबुजनं हलकेच वाक्य पुरवलं. "रुततो ना रे?"

"'रुततो ना रे?'" महाराज अगदी हळू म्हणाले. "'आतून कापूस लाव. मीसुद्धा लावत होतो. कोणाला सांगितलं नाही कधी.'"

पान संपलं. त्याखाली काही नव्हतं.

"त्या रात्री तू जागा होतास?" महाराजांनी विचारलं.

"त्या बाकावर. पांघरुणात. आबा तुझ्या कपाळाला मलम लावत होते."

वहिनी खाली बघत राहिल्या. मुकुटातला कापूस गेली कित्येक वर्षं त्याच बदलत आल्या होत्या. नवऱ्यानं तो कशासाठी ते कधी सांगितलं नाही, त्यांनी कधी विचारलं नाही. सिंहासनाची गोष्ट खरी नाही, हे त्यांना तेव्हापासून ठाऊक होतं. पण हे साधं वाक्य झाकायला ती रचली होती, हे आज कळलं. नवऱ्याची त्यांना फार माया आली.

"तुताऱ्या नव्हत्याच का, बाबा?" लेकीनं विचारलं. तिचे डोळे भरले होते.

"नव्हत्या," महाराज म्हणाले. "मलम होतं. फार झोंबत होतं."

"मेलं कोणीच नाही," आत्या नाक पुसत म्हणाल्या, "तरी मेलं रडायला काय येतंय!"

पेशंटनं तोंडातला एक बोळा काढून डोळ्यांना लावला. डॉक्टरांनी तो काढून घेतला.

महाराजांनी शेवटचं पान टेबलावर ठेवलं. मग त्यांनी आपले दोन्ही पंजे टेबलावर पसरले आणि त्यांच्याकडे बघत बसले.

"एक सांग," ते थेट भावाला म्हणाले. "मूठ धरायला तलवार नाही. मग मी हातांचं काय करू?"

वहिनींच्या छातीवरचा दगड उतरला. ज्या माणसाला नाटक करायचं नसतं तो हातांची चौकशी करत नाही.

त्यांनी काही न बोलता मटारांच्या शेंगांचा ढीग आणि मुकुट नवऱ्यापुढं सरकवला. महाराजांनी एक शेंग उचलली, अंगठ्यानं फोडली, दाणे मुकुटात टाकले. दुसरी उचलली. "'घरी बसून काय करू?'" सोलता सोलता ते पुटपुटले. "'घरी मला संवादच नाहीत.'" आणि कुजबुजनं घाईघाईनं खिशातली पेन्सिल काढून कागदावर लिहिलं: मटार.

"ट्रंकेत माझा चांगला टॉवेलसुद्धा भरलायत तुम्ही, भाऊजी," वहिनी म्हणाल्या. "आधी तो काढा."

"वहिनी, पण मी त्या लोकांना शब्द दिलाय."

"त्यांना कळव," महाराज म्हणाले, "की नाटक घरातच खपलं. आणि पाटीवर आधी तुझं नाव लिहायचं, मग माझं. आता या घरचं नाटक तू सांगशील ते. हे डोक्याला ताप देणारं काम आहे, आधीच सांगून ठेवतो."

ते उठले. शेवटचं पान झालं होतं, आता उठायला हरकत नव्हती. टेबलाला वळसा घालून ते भावापाशी आले. मुकुट त्यांच्या हातात होता. आणि या माणसाला जन्मभर मुकुट चढवायचीच सवय. त्यात काय आहे हे त्यांच्या ध्यानातच आलं नाही. त्यांनी तो दोन्ही हातांनी उचलला, दरबारी झोकात सुलटा केला आणि धाकट्याच्या डोक्यावर ठेवला.

मटार धो धो कोसळले. कॉलरीत गेले, खिशात गेले, टप टप करत जमिनीवर पळाले. आत्यांनी पाय वर घेतले. लेक किंचाळली. पेशंटनं टाळ्या वाजवल्या.

महाराज हसले नाहीत. त्यांनी भावाच्या कपाळावरचा मुकुट बोटानं जरा मागं सारला.

"रुतला तर सांग," ते म्हणाले, मोजे मागायच्या त्या आवाजात. "आतून कापूस लावून घे."

कुजबुजच्या ओठांतून काही निघेना. अख्ख्या कंपनीला वाक्यं पुरवलेला माणूस, आज स्वतःची वेळ आली तर एक शब्द सापडत नव्हता. कानामागं एक मटार अडकला होता आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

वहिनी त्याच्या खुर्चीमागं गेल्या आणि वाकून, विंगेतून बोलतात तसं, त्याच्या कानात कुजबुजल्या:

"हो म्हणा, भाऊजी."

"हो," तो मोठ्यानं म्हणाला. आणि मग सगळे खाली वाकून मटार वेचायला लागले.